सोलापूरचा उन्हाळा आणि डाळिंबाचा बर्फ

सोलापूरचा उन्हाळा अनुभवायचा असेल तर वाचकहो, आपण दुपारी येऊ नये, पहाटे यावे. दुपारचे ऊन काय करते ते कोणालाही दिसते. पहाटे साडेपाचच्या सुमारास सिद्धेश्वर तलावाच्या काठी यावे आणि पायरीच्या दगडाला हात लावून पाहावा. आदल्या दिवसाची ऊब त्यात अजून शिल्लक असते. समोर पाण्याने वेढलेले ग्रामदैवताचे मंदिर, बाजूला भुईकोट किल्ल्याची तटबंदी, आणि काठाने सावकाश फिरणारी वयस्कर मंडळी. एप्रिल-मे महिन्यांत येथे पारा ४० अंशांच्या वर जातो, काही वर्षी ४४ च्या आसपास पोहोचतो. रात्रीही घरांच्या भिंती निवत नाहीत. वृद्धांना मोकळा श्वास घेण्यासाठी मिळतो तो हाच एक तास.

हा तलाव बाराव्या शतकात शिवयोगी सिद्धरामेश्वरांनी अनुयायांसह खोदविला, असे परंपरा सांगते. पाऊस नेहमीच हात आखडता घेणाऱ्या या मुलखात माणसांना आणि गुराढोरांना पाणी मिळावे, हे त्यांनी ईश्वराचेच काम मानले. शतके लोटली तरी सोलापूरकराच्या मनातील पहिली काळजी पाण्याचीच आहे. माझा दवाखाना शहराच्या पूर्व भागात आहे. विणकरांच्या वस्तीत माझ्याकडे येणारे आजी-आजोबा कोणी तेलुगूत बोलतात, कोणी कानडीत, कोणी मराठीत. उन्हाळ्यात मी प्रत्येकाला एकच प्रश्न विचारते, "दिवसभरात पाणी किती पिता?" आणि तिन्ही भाषांत मला बहुधा एकच उत्तर मिळते, "तहानच लागत नाही हो, बाई."

हे उत्तर खोटे नसते. तरुण शरीराच्या वजनात साधारण ६० टक्के पाणी असते; उतारवयात ते प्रमाण ५० टक्क्यांच्या आसपास येते. म्हणजे अडीअडचणीसाठीचा साठाच मुळात कमी होतो. त्यातच मेंदूकडून येणारी तहानेची सूचना वयोमानानुसार मंदावते. लघवी दाट करून पाणी वाचवण्याची मूत्रपिंडांची क्षमताही उणावते. रक्तदाबासाठी लघवी वाढवणारे औषध चालू असेल तर आणखी पाणी बाहेर जाते. शिवाय गुडघे दुखत असतात, रात्री अंधारात उठून संडासापर्यंत जाण्याची भीती असते, कोणाला हाक मारून उठवायचा संकोच असतो. म्हणून ही मंडळी संध्याकाळनंतर पाणी जवळजवळ बंदच करतात. शरीर कोरडे पडत जाते आणि त्याची वर्दी देणारी तहान मात्र येत नाही.

हे सारे मी गेली पंचवीसहून अधिक वर्षे इतरांना समजावून सांगत आले. पण माझ्या स्वतःच्या घरात काय घडले ते आज आपल्याला सांगायला हवे.

माझे सासरे, आम्ही त्यांना अण्णा म्हणतो, आता ८४ वर्षांचे आहेत. उभे आयुष्य त्यांनी कापडगिरणीच्या विणकाम खात्यात काढले. मागच्या वर्षीच्या मे महिन्यात मी रोज दवाखान्यात जाताना त्यांच्या खाटेशेजारी दोन लिटरची भरलेली बाटली ठेवत असे. "अण्णा, संध्याकाळपर्यंत संपवायची हं," असे बजावत असे. संध्याकाळी बाटली रिकामी दिसे. मला समाधान वाटे. एके दिवशी दुपारी घरातून फोन आला. धावत गेले, तर अण्णा खाटेवर बसून मला विचारत होते, "तिसऱ्या पाळीचा भोंगा झाला का गं?" गिरणी बंद पडून कित्येक वर्षे झाली होती.

खरे सांगते, माझ्या मनात पहिला विचार आला तो स्मृतिभ्रंशाचा. मग त्यांची जीभ पाहिली. ती लाकडासारखी कोरडी होती. सकाळपासून एकदाच लघवी झाली होती, तीही गडद. उभे करताच रक्तदाब खाली येत होता. तपासणीत रक्तातील क्षारांचे प्रमाण बिघडलेले आणि क्रिएटिनिन वाढलेले निघाले. दोन दिवस रुग्णालयात सलाईन द्यावे लागले. तिसऱ्या दिवशी अण्णा पूर्ववत झाले, नातवाशी पत्त्यांचा डावही मांडला. त्यानंतर आठवड्याने मला बाटलीचे रहस्य उलगडले. आमच्या मागील दारची तुळस भर मे महिन्यात हिरवीगार, टवटवीत होती. अण्णा बाटलीतील पाणी रोज तिला घालत होते. "तू रागावशील म्हणून गं," ते म्हणाले, "आणि पाणी वाया कशाला घालवायचं?"

चूक त्यांची नव्हती. मी बाटली ठेवली होती, पण त्यांच्याजवळ बसले नव्हते. ते घेत असलेल्या रक्तदाबाच्या गोळीत लघवी वाढवणारे औषध होते. उन्हाळ्याच्या तोंडावर त्या गोळीचा फेरविचार व्हायला हवा होता, तोही मी लांबणीवर टाकला होता. पाणी पिण्याचा उपदेश आणि पाणी प्रत्यक्ष पोटात जाणे यांत केवढे अंतर असते ते मला त्या तुळशीने शिकवले.

आता पुन्हा माझ्यासोबत चालावे. तलावाकडून आपण लक्ष्मी मंडईकडे जाऊ. सात-साडेसातला येथे फळांचे ढीग रचले जात असतात. एप्रिलच्या सुरुवातीला हस्त बहराची शेवटची डाळिंबे असतात, कलिंगडे आणि खरबुजे असतात, लिंबांच्या पाट्या असतात. द्राक्षांचा हंगाम सरत आलेला असतो, तरी 'सोनाका'ची लांबट मण्यांची घडे एखाद्या हातगाडीवर दिसतात. हा वाण याच जिल्ह्यातील नान्नजच्या काळे कुटुंबाच्या बागेतून देशभर गेला. डाळिंबाचे तर हे माहेरच. सांगोला, मंगळवेढा, पंढरपूर या कमी पावसाच्या तालुक्यांत ते असे रुजले की 'सोलापूर डाळिंबा'ला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. शहराबाहेर पुणे रस्त्यावर केगाव येथे २००५ पासून राष्ट्रीय डाळिंब संशोधन केंद्र आहे. मंडईत मात्र आपण एवढेच पाहावे: फळ हातात जड लागावे, साल ताणलेली असावी आणि बोट दाबले असता कोठे मऊ पडू नये. 'भगवा' जातीचे दाणे गडद लाल आणि बी मऊ असते. रसासाठी तेच उत्तम.

ही डाळिंबे मी कशासाठी घेते? त्याचे श्रेय माझ्या नणंदेच्या मुलीला जाते. ती अमेरिकेत फिलाडेल्फियाला राहते. अण्णांच्या आजारपणानंतर ती महिनाभर येथे आली होती. आजोबा पाणी पीत नाहीत हे तिने दोन दिवसांत ओळखले आणि ती म्हणाली, "मामी, आमच्याकडे उन्हाळ्यात सगळे वॉटर आइस खातात. आजोबांना करून देऊ या का?" तिच्या शहरात ज्याला 'वॉटर आइस' म्हणतात, त्यालाच अमेरिकेत इतरत्र 'इटालियन आइस' हे नाव आहे. दक्षिण इटलीतून तेथे गेलेल्या कुटुंबांनी हा पदार्थ सोबत नेला. त्याचे मूळ सिसिली बेटावरील 'ग्रानिता'त आहे. त्यात दूध नाही, साय नाही. फळांचा रस, पाणी आणि साखर एवढेच. गोठताना वारंवार खरवडल्यामुळे तो दगडासारखा न होता भुसभुशीत, दाणेदार राहतो.

सिसिलीतील एटना पर्वतावरील बर्फ पूर्वी हिवाळ्यात खोल खड्ड्यांत साठवून ठेवत आणि उन्हाळ्यात तो खरवडून त्यावर लिंबाचा रस घालत. आपल्याकडेही थंडाव्याची हौस जुनी आहे. अकबराच्या काळी सोऱ्याच्या साहाय्याने पाणी थंड केले जाई, असे 'ऐन-ए-अकबरी'त नमूद आहे. १८३३ मध्ये बॉस्टनहून जहाजातून आणलेला नैसर्गिक बर्फ चार महिन्यांचा प्रवास करून कलकत्त्यास उतरला. आज तोच बर्फ आपल्या स्वयंपाकघरातील फ्रीजमध्ये तीन-चार तासांत होतो. ही चैन आता सामान्य घराच्याही आवाक्यात आहे, म्हणून तिचा उपयोग औषधासारखा करून घ्यावा, असे मला वाटते.

घरी आल्यावर पहिले काम पाण्याचे. सोलापूर शहराला शंभराहून अधिक किलोमीटरवरील उजनी धरणातून पाणी येते, आणि नळाला ते रोज येत नाही; काही दिवसांआड येते. त्यामुळे घरोघर पिंपे, टाक्या, हंडे भरून ठेवलेले असतात. साठवलेल्या पाण्यात हात, तांब्या, धूळ सारे जाते. येथे एक गैरसमज दूर करावा लागेल. बर्फ झाला म्हणजे जंतू मेले, असे अनेकांना वाटते. तसे नसते. गोठताना बहुतेक जंतू केवळ निद्रिस्त होतात. बर्फ वितळला की ते पुन्हा जागे होतात. म्हणून बर्फासाठीचे पाणी आधी गाळून, खळखळून उकळी फुटल्यावर निदान एक मिनिट उकळावे आणि झाकून निववावे. फळे कापण्यापूर्वी वाहत्या पाण्याखाली चोळून धुवावीत. हात आणि भांडी साबणाने स्वच्छ करावीत.

आता कृती पाहू. मध्यम आकाराची चार-पाच डाळिंबे सोलून दाणे मिक्सरमध्ये क्षणभर थांबत थांबत फिरवावेत. फार वेळ फिरवल्यास बिया दळल्या जाऊन रस तुरट होतो. स्वच्छ गाळणीतून रस गाळून घ्यावा; तो सुमारे ५०० मिलिलिटर भरावा. उकळलेल्या २५० मिलिलिटर पाण्यात, ते गरम असतानाच, ७५ ग्रॅम साखर, म्हणजे सहा सपाट मोठे चमचे, विरघळवावी. पाणी पूर्ण निवल्यावर त्यात रस आणि एका लिंबाचा रस मिसळावा. हे मिश्रण स्टीलच्या पसरट डब्यात दोन-तीन सेंटिमीटर उंचीपर्यंत ओतून, झाकण लावून बर्फाच्या कप्प्यात ठेवावे. पाऊण तासाने कडा गोठू लागतात. तेव्हा जेवणाच्या काट्याने कडेचा बर्फ खरवडून मधोमध आणावा. पुढे दर अर्ध्या तासाने असे तीन-चार वेळा करावे. शेवटी लाल, चमकदार, ओल्या खड्यांसारखा बर्फ तयार होतो. एवढ्या मिश्रणाचे साधारण आठ लहान वाट्या होतात.

साखरेचे येथे दुहेरी काम आहे. ती गोडी देतेच, पण विरघळलेल्या साखरेमुळे पाण्याचा गोठणबिंदू खाली येतो आणि बर्फ मऊ राहतो. साखर कमी केली तर बर्फ अधिक कडक होतो. मधुमेह असलेल्यांसाठी वरून साखर मुळीच घालू नये. मात्र दर वीस मिनिटांनी खरवडावे, म्हणजे खडे बारीक राहतात. तरीही लक्षात ठेवावे की डाळिंबाच्या रसात स्वतःचीच साखर असते, १०० मिलिलिटरला सुमारे १३ ग्रॅम. वर दिलेल्या प्रमाणाने केलेल्या १०० मिलिलिटर मिश्रणात एकूण १७ ग्रॅमच्या आसपास साखर पोटात जाते. साखर न घालता केल्यास तेच प्रमाण साधारण निम्म्यावर येते. म्हणून मधुमेहींनी अर्धीच वाटी घ्यावी, जेवणाला लागून गोड म्हणून घेऊ नये, आणि घरी ग्लुकोमीटर असेल तर दोन तासांनी एकदा मोजून पाहावे.

डाळिंब महाग वाटले तर कलिंगड घ्यावे. बिया काढलेला अर्धा किलो गर, एक लिंबू आणि दोन चमचे साखर. वेगळे पाणीही लागत नाही. लिंबाचा बर्फ सर्वांत स्वस्त: ७५० मिलिलिटर पाणी, चार लिंबांचा रस, १२० ग्रॅम साखर आणि किंचित किसलेली साल. ज्यांना रक्तदाब आहे त्यांच्यासाठी चवीला मीठ किंवा काळे मीठ घालण्याचा मोह टाळावा. वीज वारंवार जात असेल तर एक पथ्य पाळावे: बर्फ पूर्ण वितळून बराच वेळ तसाच राहिला असेल, तर तो पुन्हा गोठवून वृद्धांना देऊ नये. एरवी झाकून ठेवलेला बर्फ चार-पाच दिवसांत संपवावा.

दुपारी चारच्या सुमारास आमच्या गल्लीत गोळ्याची गाडी येते. गोणपाटात, भुशात गुंडाळलेली बर्फाची लादी, किसणी, आणि रंगीत सरबतांच्या बाटल्या. मलाही लहानपणी त्या घंटेचा आवाज ऐकला की राहवत नसे. आजही मी त्या गाडीवाल्याला दोष देत नाही. तो उन्हात उभा राहून पोट भरतो. पण लादी कोठल्या पाण्याची आहे, ती कशावर ठेवली होती, हे त्यालाही अनेकदा माहीत नसते. कारखान्यांत आणि मासळीसाठी वापरायचा बर्फ खाण्यासाठी नसतो. तो ओळखू यावा म्हणून महाराष्ट्रात २०१८ मध्ये त्यात निळा रंग मिसळण्याचा नियम लागू झाला. निळसर बर्फ कोठे दिसला तर तो तोंडाला लावू नये. पांढरा दिसला म्हणून तो निर्धोक ठरतो असेही नाही. तरुणाला जुलाब झाले तर दोन दिवसांत तो सावरतो. ऐंशीच्या घरातील माणसाला तेच जुलाब मूत्रपिंडांपर्यंत नेऊ शकतात. म्हणून आजी-आजोबांना गोळ्याची आठवण आली, तर ती घरच्या बर्फाने भागवावी.

पहिल्या दिवशी अण्णांनी वाटीकडे पाहून मान फिरवली. "थंड खाऊन मला खोकला होईल," ते म्हणाले. अनेक घरांत हा अडसर येतो. सर्दी ही विषाणूंमुळे होते, गारव्यामुळे नव्हे. मात्र दमा असलेल्यांना किंवा घसा नाजूक असलेल्यांना अतिथंड पदार्थाने खोकल्याची उबळ येऊ शकते, आणि दातांच्या मुळा उघड्या पडल्या असतील तर कळ येते. त्यावर उपाय सोपा आहे. बर्फ काढून पाच मिनिटे बाहेर ठेवावा, म्हणजे तो थोडा ओलसर होतो. मग चमच्याच्या टोकाएवढाच द्यावा. भाची त्यांच्यासमोर बसली, एक चमचा स्वतः खाल्ला, एक त्यांना दिला. तिने पाण्याचे नाव काढले नाही. ती विचारत होती मंडईतील डाळिंबांविषयी, त्यांच्या वेळच्या गिरणीविषयी, पाळी सुटल्यावर मित्रांबरोबर खाल्लेल्या गोळ्याविषयी. बोलता बोलता वाटी रिकामी झाली. अर्ध्या तासाने त्यांनी आपणहून तांब्या मागितला आणि भांडेभर पाणी घेतले.

काळजी घेणाऱ्यांनी हा क्रम मनात ठेवावा. या बर्फाने दिवसभराची पाण्याची गरज भागत नाही. एका वाटीतून जाते ते जेमतेम १०० मिलिलिटर. पण कोरडे पडलेले तोंड ओले होते, चव परतते, आणि मग ताक, पेज, सार, साधे पाणी थोडे थोडे घेण्याची इच्छा होते. दिवसातून दोन वेळा, सकाळी अकराला आणि दुपारी चारला, अर्धी अर्धी वाटी द्यावी. तीही कोणीतरी जवळ बसून. सायंकाळी सातपूर्वी दिवसाचे बरेचसे पाणी पोटात गेले, तर रात्री उठण्याची चिंताही कमी होते.

काही जणांना मात्र हा बर्फ देऊ नये, किंवा विचारूनच द्यावा. पक्षाघातानंतर किंवा कंपवातात पाणी पिताना ठसका लागत असेल, तर बर्फही धोक्याचा असतो. तोंडात तो वितळून पातळ पाणीच होतो आणि श्वासनलिकेत जाऊ शकतो. अशांच्या गिळण्याची आधी तज्ज्ञांकडून तपासणी करून घ्यावी. इतरांनाही ताठ बसवून, हनुवटी किंचित खाली ठेवून, एक घास गिळल्याची खात्री झाल्यावरच दुसरा द्यावा. आडवे असताना कधीही देऊ नये. मूत्रपिंडाच्या विकारात डाळिंबातील पोटॅशियम जड जाते. अशांनी कोणते फळ चालेल ते आपल्या डॉक्टरांना विचारावे. हृदयाच्या दुबळेपणामुळे ज्यांना दिवसाचे पाणी मोजून सांगितले आहे, त्यांनी ही वाटी त्या मोजमापात धरावी. रक्त पातळ करणारे वॉरफॅरिन चालू असेल, तर रोज डाळिंबाचा रस सुरू करण्यापूर्वी विचारणे आवश्यक आहे. आणि उन्हाळा लागण्यापूर्वी रक्तदाबाच्या गोळ्यांची चिठ्ठी घेऊन डॉक्टरांना एकदा भेटावे. पण कोणतीही गोळी स्वतःच्या मनाने बंद करू नये.

जुलाब-उलट्या सुरू झाल्या असतील तर हा बर्फ हे उत्तर नव्हे. तेथे ओआरएसच हवे: पाकिटावर लिहिलेल्या मापाच्या पाण्यात संपूर्ण पाकीट विरघळवावे आणि २४ तासांत संपवावे. वृद्ध माणूस अचानक असंबद्ध बोलू लागला, ग्लानीत गेला, उभा राहताच कोसळू लागला, सात-आठ तासांत लघवी झाली नाही, किंवा अंग भाजल्यासारखे तापून शुद्ध हरपू लागली, तर वाटी-चमचा बाजूला ठेवावा. त्याला सावलीत न्यावे, कपडे सैल करावेत, अंगावर पाणी शिंपडून वारा घालावा आणि ताबडतोब १०८ क्रमांकावर रुग्णवाहिका बोलवावी. शुद्ध नसलेल्या माणसाच्या तोंडात काहीही घालू नये. एका दुपारी अचानक आलेले विसराळूपण म्हणजे म्हातारपणच, असे समजून स्वस्थ बसू नये. मी डॉक्टर असूनही क्षणभर तसे समजले होते.

सूर्य मावळल्यावर सोलापूर पुन्हा जिवंत होते. गच्च्यांवर पाणी मारले जाते, तापलेल्या फरशीतून वाफ आणि मातीचा वास उठतो, खाटा वर येतात. भाची केव्हाच परत गेली. आता डबा फ्रीजमध्ये ठेवण्याचे आणि दर अर्ध्या तासाने खरवडण्याचे काम माझ्या मुलाने घेतले आहे. अण्णांना त्या आवाजावरून वेळ कळते. "तिसरी फेरी झाली, आता एकच राहिली," असे ते गिरणीतल्या पाळीसारखे मोजतात. यंदा मी दुपारची बाटली ठेवणे सोडून दिले आहे. दवाखाना दुपारी तासभर बंद ठेवते आणि घरी येऊन त्यांच्याजवळ बसते.

परवा संध्याकाळी गच्चीवरून खाली येताना ते मागील दाराशी थांबले. तुळशीकडे पाहून म्हणाले, "यंदा ही जरा सुकल्यासारखी दिसते गं."

मी हसले, आणि तांब्या भरून आणायला आत गेले.